भिंग नसलेला कॅमेरा

“सगळं स्वच्छ आहे, मामा,” सिस्टर तबस्सुम म्हणाली आणि तिनं पडदा त्यांच्याकडं वळवला.

पडद्यावर चंद्रहास नेजकरांच्या उजव्या गालाची आतली बाजू दिसत होती. गुलाबी, ओलसर, तान्ह्या मुलाच्या तोंडासारखी नितळ. वर्षापूर्वी कोल्हापूरला शस्त्रक्रिया करून शेवटच्या दाढेमागची कर्करोगाची जखम काढली होती. तिथं आता टाक्याची पुसट रेघसुद्धा नव्हती. चंद्रहासनी चष्मा कपाळावर सरकवला आणि चित्र अगदी जवळून बघितलं.

“काय फोकस आहे!” ते म्हणाले.

त्यांची बायको शालन मागं उभी होती. “सिस्टर, मग उशीला रक्त कुठनं लागतंय?”

“हिरडीतनं येत असेल, मामी. ब्रश जोरात करत असतील.”

“आणि वास? परवापासून शेजारी बसवत नाही.”

“शालन,” चंद्रहास न वळता म्हणाले, “पुरे.”

देवराळ्याच्या आरोग्य केंद्रात महिन्यातून एकदा हेच व्हायचं. गुटख्यानं चंद्रहासांच्या तोंडाचे स्नायू आखडले होते. तोंड दोन बोटांपलीकडं उघडायचं नाही. आत बघायचं म्हटलं तर डॉक्टरांची मान अवघडायची आणि तरी शेवटच्या दाढेमागचा कोपरा दिसायचा नाही. त्यावर उपाय म्हणून सरकारनं केंद्राकेंद्रांत ‘मुखदर्शी’ आणली होती. काडेपेटीतल्या काडीएवढी बारीक दांडी. ती तोंडात सरकवायची, गोल फिरवायची आणि बाहेर काढायची. चित्र तिथल्या तिथं तयार होऊन कोल्हापूरला जायचं. चित्रात काही संशयास्पद असेल तरच रुग्णाला बोलावणं यायचं.

त्या दांडीच्या टोकाला कॅमेरा होता, पण त्याला भिंग नव्हतं. रांगेत बसलेल्या लोकांना चंद्रहास हे मोठ्या हौसेनं समजावून सांगायचे. “पूर्वीचा कॅमेरा म्हणजे अंधारी खोली आणि तिला एक भोक. भोकातनं उजेड आत येतो आणि समोरच्या भिंतीवर बाहेरचं चित्र उलटं पडतं. पुढं त्या भोकाला भिंग बसवलं, भिंतीच्या जागी काच आली, मग फिल्म आली, मग चिप. पण मूळ गोष्ट एकच, एक भोक आणि एक चित्र. ह्याच्यात मात्र हजारो बारीक भोकांची जाळी आहे. प्रत्येक भोक आपलं वेगळं चित्र पाडतं आणि ती सगळी एकमेकांवर पडून नुसता गोंधळ होतो. बाजारात शंभर माणसं एकदम बोलतात तसा. तो गोंधळ कॉम्प्युटर सोडवतो. भिंग नाही म्हणून जाडी नाही, आणि जाडी नाही म्हणून माझ्या तोंडात जातो.”

हे सांगताना त्यांचा चेहरा खुलायचा, कारण बोलणं त्यांच्या घराण्याच्या धंद्याचं होतं. त्यांच्या आजोबांनी काळ्या कापडाखाली डोकं घालून काचेच्या प्लेटांवर तालमीतले पैलवान टिपले होते. वडिलांनी रोल फिल्मवर निम्म्या तालुक्याची लग्नं काढली. चंद्रहास रंगीत फिल्मवर शिकले, डिजिटलवर पोट भरलं आणि प्रत्येक माणसाच्या खिशात कॅमेरा आल्यावर त्यांनी स्टुडिओ बंद केला. त्या जागी आता केकचं दुकान होतं. वडिलांकडून ते रीटचिंग शिकले होते. टोक काढलेल्या पेन्सिलीनं निगेटिव्हवरचे देवीचे व्रण भरायचे, म्हणजे मुलीचं स्थळ जमायचं. म्हणूनच ते म्हणायचे, “कॅमेरा कधी खोटं बोलत नाही. बोलतो तो फोटोग्राफर. आणि मुखदर्शीला फोटोग्राफरच नाही.”

केंद्रातून आल्यावर शालननं ठरवलं की आपण स्वतः बघायचं. तिनं औषधाच्या दुकानातून दातांच्या डॉक्टरांकडं असतो तसला लांब दांडीचा छोटा आरसा आणला आणि दुपारी नवऱ्याला अंगणात खुर्चीवर बसवलं. चमच्याच्या दांड्यानं गाल बाजूला ओढला, आरसा आत सरकवला आणि टॉर्च मारला. आरशावर वाफ धरत होती. पुसून पुसून तिसऱ्या खेपेला तिला दिसलं. दाढेमागं वाटाण्याएवढा खड्डा, मध्ये पांढुरका, आणि कडा फुगलेल्या.

तिनं फोन काढला आणि आरशातला तो कोपरा टिपला. फोनवर गुलाबी गाल आला. तिनं परत टिपला, तरी गुलाबीच. तिनं एक डोळा आरशावर आणि एक फोनवर ठेवून बघितलं. आरशात खड्डा होता, फोनमध्ये नव्हता. बाजारातल्या कुठल्याच नव्या फोनात आता भिंग नव्हतं, हे तिला माहीत होतं. पण त्याचा ह्याच्याशी काय संबंध, ते तिला उमगेना.

“बघू दे,” चंद्रहास म्हणाले. त्यांनी फोन हातात घेतला. “ह्यात काही नाही.”

“मी डोळ्यांनी बघितलं आत्ता.”

“तुझ्या डोळ्यात मोतीबिंदू आहे. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलंय तुला.”

“मोतीबिंदूनं धुरकट दिसतं. नसलेला खड्डा दिसत नाही.”

“मुखदर्शी सांगते स्वच्छ. तुझा फोन सांगतो स्वच्छ. एकट्या तुलाच तेवढं दिसतंय.” त्यांनी चमचा टेबलावर आपटला. “मी बरा झालेला बघवत नाही का तुला?”

लग्नाला इतकी वर्षं झाली होती, पण असलं वाक्य त्यांच्या तोंडून कधी आलं नव्हतं. शालन आत निघून गेली.

तिनं नाशिकला मुलीला फोन लावला. केतकी म्हणाली, “आई, प्रत्येक रिपोर्ट मला येतो. मी नीट बघते. तू बाबांना घाबरवू नकोस. ताणानं उलट वाढतं म्हणतात.”

“काय वाढतं? तू म्हणतेस ना काही नाहीच म्हणून?”

केतकी घाईनं म्हणाली, “मीटिंग आहे, आई. सुट्टीत येते.”

तिनं कोल्हापूरच्या हॉस्पिटलला फोन लावला. एका गोड आवाजाच्या यंत्रानं नाव आणि नंबर विचारला. ‘आपल्या रुग्णाच्या प्रतिमा समाधानकारक आहेत. प्रत्यक्ष भेटीची आवश्यकता नाही.’ शालन म्हणाली, मला माणसाशी बोलायचंय. यंत्र म्हणालं, ‘आपली काळजी आम्ही समजू शकतो.’ ती ओरडली, “काय समजता तुम्ही? कपाळ?” यंत्रानं तिचे आभार मानले.

पुढं कितीतरी दिवस घरात कामापुरतंच बोलणं झालं. चंद्रहास आता फक्त डाव्या बाजूनं चावत. भाकरी दुधात कुस्करून घेत आणि कुणी बघत नाही असं वाटलं की उजव्या कानाखाली हात दाबून धरत. दिवसातून दोनचारदा ते फोनवर रिपोर्टचं चित्र काढून बघायचे. कपडे वाळत घालता घालता शालननं एकदा खिडकीतून त्यांना तसं बघितलं. ते चित्राकडं बघत होते आणि त्यांचे ओठ हलत होते, देवापुढं हलतात तसे. तेव्हा तिच्या ध्यानात आलं की ह्या माणसाला सगळं कळलेलं आहे. त्याला आपलं म्हणणं खोटं वाटत नाही. ते खरं ठरू नये म्हणून तो धडपडतोय. तिचा राग त्यानं कमी झाला नाही. उलट जास्तच चडफडाट झाला, कारण भिणाऱ्या माणसाशी भांडता येत नाही.

दुसऱ्या दिवशी तिनं माळ्यावरची पेटी उतरवली आणि त्यांचा जुना फिल्मचा कॅमेरा त्यांच्यासमोर ठेवला.

“हा तरी खोटं बोलत नाही ना?”

चंद्रहासनी कॅमेऱ्याकडं बघितलं. “फिल्म कुठाय?”

“फ्रिजमध्ये. लोण्याच्या डब्यामागं. मला टाकू दिल्या नव्हत्या तुम्ही.”

“मुदत संपून जमाना झाला त्यांची. सगळं धूसर येईल.”

“येऊ दे.”

“धुवायला रसायनं नाहीत.”

“तुम्हीच सांगायचा, अडीनडीला कॉफीत फिल्म धुता येते म्हणून. का ती नुसती बढाई होती?”

“बढाई नाही,” ते चिडून म्हणाले. “कॉफी, धुण्याचा सोडा आणि क जीवनसत्त्वाच्या गोळ्या. चित्र उठतं. ते टिकवायला मात्र हायपो लागतो.”

“तो कुठं मिळेल?”

ते नाइलाजानं म्हणाले, “शोभेच्या माशांच्या दुकानात. पाण्यातलं क्लोरीन मारायला वापरतात.” आणि लगेच त्यांनी बजावलं, “हे मी तुझं समाधान व्हावं म्हणून करतोय. फोटोत काही आलं नाही, तर हा विषय ह्या घरात परत निघता कामा नये.”

“कबूल,” शालन म्हणाली.

एकदा काम हातात घेतल्यावर मात्र त्यांना स्वस्थ बसवेना. त्यांनी कॅमेऱ्याचं भिंग काढून उलटं बसवलं, म्हणजे बोटभर अंतरावरचं टिपता येतं. फ्लॅशवर धुतलेला रुमाल बांधला. आरशावर वाफ धरू नये म्हणून तो गरम पाण्यात बुडवून ठेवला. अडचण एकच होती, आपल्याच तोंडाचा फोटो त्यांना काढता येत नव्हता. डोळा शालनला लावावा लागणार होता. त्यांनी तिला खिडकीतल्या तुळशीच्या पानावर सराव करायला लावला.

“फोकस फिरवायचा नाही. कॅमेराच पुढंमागं करायचा. श्वास सोडून थांबायचं, मग बटण.”

मग ते खुर्चीत बसले. गालात चमचा, तोंडात आरसा, बोलता येईना. हातानंच खुणा करत राहिले, पुढं, मागं, थांब, दाब. शालननं सगळा रोल संपवला.

तो रोल वाया गेला. न्हाणीघराच्या खिडकीला चादर ठोकून, अंधारात चाचपडत त्यांनी फिल्म डब्यात भरली होती, पण चादरीच्या कडेनं उजेड आत शिरला होता. फिल्म बाहेर आली ती काळी ठिक्कर. चंद्रहास म्हणाले, “झालं समाधान?”

“आणखी एक रोल आहे.”

“तो शेवटचा आहे, शालन.”

“मग नीट करा.”

ह्या वेळी खिडकीवर घोंगडी ठोकली आणि दाराच्या फटींत जुनी लुगडी कोंबली. परत चमचा, परत आरसा. त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं, कारण आता गाल ओढला की कळ मस्तकात जायची, पण ते हातानं खुणा करत राहिले. दुपारी ते न्हाणीघरात शिरले. शालन बाहेर पाटावर बसून राहिली. आतून डबा हलवल्याचा आवाज आणि कॉफीचा करपट वास येत होता.

दार उघडलं. हातात ओली फिल्म धरून चंद्रहास अंगणात गेले आणि त्यांनी ती आभाळाकडं धरली. निगेटिव्हमध्ये सगळं उलटं असतं, पांढरं ते काळं आणि काळं ते पांढरं. सामान्य माणसाला ते वाचता येत नाही. चंद्रहासना लहानपणापासून येत होतं.

ते एकेक चौकट पुढं सरकवत शेवटापर्यंत गेले.

“काय आलंय?” शालननं विचारलं.

“धूसर आहे,” ते म्हणाले. मग म्हणाले, “कडा उचललेल्या आहेत. पहिल्या वेळी डॉक्टरांनी दाखवलं होतं ना, तसंच. त्याहून मोठं.”

त्यांनी फिल्म तिच्या हातात दिली आणि अंगणातल्या पायरीवर बसले. मी सांगत होते, असं म्हणायची वेळ आली होती. शालननं ते म्हटलं नाही. तिला ते म्हणायचं होतं, फार म्हणायचं होतं.

दुसऱ्या दिवशी दोघं केंद्रात गेली. सिस्टर तबस्सुमनं फिल्म खिडकीशी धरून बघितली. आधी तिला काही कळलं नाही. चंद्रहासनी बोटानं कडा दाखवल्यावर तिचा चेहरा उतरला.

“मी आजच तातडीची शिफारस पाठवते, मामा. पण त्याला चित्र जोडावं लागतं.”

तिनं उजळ पडद्यावर निगेटिव्ह ठेवलं आणि केंद्राच्या कॅमेऱ्यानं ते टिपलं. यंत्रानं आपण होऊन उलट्याचं सुलटं केलं आणि धूसरपणा काढून टाकला. चित्र पुढं आलं, गुलाबी, ओलसर, नितळ. त्यानं फोटोतली जखमसुद्धा बरी करून टाकली होती.

“हे काय?” तबस्सुम म्हणाली. तिनं परत टिपलं, परत गाल गुलाबीच आला. तिनं बटणं चाळवून बघितली. “सुधारणा बंद करायची सोयच नाही ह्यात.”

“मग नुसतं लिहून पाठव,” शालन म्हणाली.

“लिहिलं तरी प्रतिमेशी जुळत नाही म्हणून आपोआप परत येतं, मामी. मागं एकदा आलंय.”

“म्हणजे तुला दिसतंय, मला दिसतंय, ह्यांना दिसतंय, आणि तरी ते नाही?”

तबस्सुमच्या डोळ्यांत पाणी आलं. “तुम्ही सरळ कोल्हापूरला जा. आत सोडणार नाहीत. तरी जा.”

खरोखरच कुणी आत सोडलं नाही. दारावरच्या यंत्रात नाव घातलं की हिरवा दिवा लागायचा आणि ‘आपली प्रकृती समाधानकारक आहे’ असं यायचं. शालननं पहारेकऱ्याशी वाद घातला, काउंटरवरच्या मुलीशी घातला, शेवटी आवाज चढवला. लोक बघायला लागले. चंद्रहास एरवी असल्या वेळी बायकोला दटावून बाजूला घेत. आज ते तिच्याजवळून निघाले आणि शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर ऐनापुरे जिन्यातून उतरत होते, त्यांच्या वाटेत आडवे उभे राहिले.

“डॉक्टर, मी तुमचा पेशंट, चंद्रहास नेजकर. फोटोग्राफर. हे निगेटिव्ह माझ्या तोंडाचं आहे. ह्यात रीटचिंग नाही.”

डॉक्टर घाईत होते. पण निगेटिव्ह हा शब्द त्यांनी कित्येक वर्षांत ऐकला नव्हता. त्यांनी पट्टी घेऊन जिन्याच्या खिडकीशी धरली. बघता बघता त्यांची घाई गेली. त्यांनी तिथंच हातमोजा मागवला आणि चंद्रहासना बाकावर बसवून दोन बोटांच्या त्या फटीतून आपलं बोट आत घातलं.

“दगडासारखं लागतंय,” ते स्वतःशीच म्हणाले. “किती दिवस झाले?”

“गणपतीपासून सांगतेय मी,” शालन म्हणाली. “सगळ्यांना सांगतेय.”

आता संक्रांत होऊन गेली होती.

जखमेचा तुकडा काढून तपासला. कर्करोग परतला होता आणि हाडात शिरला होता. खालच्या जबड्याचा उजवा भाग दाढांसकट काढावा लागला. शस्त्रक्रिया झाल्यावर डॉक्टर ऐनापुरे स्वतः बाहेर आले आणि शालनच्या शेजारी बसले. “आता धोका टळलाय असं म्हणता येईल. पण मी तुमच्याशी खोटं बोलणार नाही. दिवाळीपूर्वी आला असता, तर जबडा वाचला असता. चित्रं माझ्यासमोर येत होती. मीही बघून पुढं सरकवत होतो.”

मुखदर्शी बनवणाऱ्या कंपनीचा एक इंजिनिअर चौकशीला आला. निनाद सरंजामे त्याचं नाव. तरुण होता, नम्र होता, आणि त्यानं सगळं खरं सांगितलं. वॉर्डाबाहेरच्या बाकावर बसून तो शालनला म्हणाला, “जिथं उजेड पुरेसा असतो, तिथं गोंधळ सोडवल्यावर एकच चित्र निघतं. ते खरं असतं. पण नेजकरकाकांचं तोंड उघडत नाही. दाढेमागं उजेड पोचतच नाही. तिथं एकाच गोंधळातून दहा वेगवेगळी चित्रं निघू शकतात. मग यंत्र त्यांतलं सगळ्यात संभाव्य चित्र निवडतं. ते लाखो तोंडं बघून शिकलंय, आणि बहुतेक तोंडं निरोगी असतात.”

“म्हणजे ह्यांच्या तोंडात जे दिसत होतं, ते ह्यांचं तोंडच नव्हतं?”

“काही भाग होता. काही भाग… अंदाज होता.”

“आणि माझा फोन?”

“फोनही तसेच शिकतात. धूसर दिसलं की तेही अंदाजानं भरतात.”

“मग जिथं दिसत नाही, तिथं काळं दाखवा ना! आमच्यात फिल्मला उजेड कमी पडला की फोटोत काळं यायचं. माणसाला कळायचं, हितं दिसलेलं नाही म्हणून.”

“सुरुवातीला आम्ही तसंच दाखवत होतो, काकू.” त्यानं मान खाली घातली. “काळा भाग दिसला की केंद्रातले लोक घाबरून प्रत्येकाला इथं पाठवायचे. इथं रांगा लागल्या. ज्यांना खरंच गरज होती ते रांगेत मागं राहिले. मग मागणी आली की चित्र पूर्ण पाहिजे.”

शालनला वाटलं होतं, हा माणूस समोर आला की त्याला फाडून खायचं. पण त्याच्या बोलण्यात तिला खोट काढता येईना, आणि ह्याचाच तिला जास्त संताप आला. “पुढं काय करणार?” तिनं विचारलं.

“तुमची केस आम्ही यंत्राच्या प्रशिक्षणात घालू. परवानगी दिलीत तर. पुढच्या सुधारणेत अशा जखमा यंत्राला ओळखता येतील.”

“आणि ज्या जखमा त्यानं अजून बघितल्याच नाहीत त्या?”

सरंजामे उठला. जाताना त्यानं परवानगी परत विचारली. शालननं दिली. न देऊन कुणाचं भलं होणार होतं?

चंद्रहासना बोलायला शिकवायला एक बाई यायच्या. जिभेला आधार राहिला नव्हता, शब्द ओले आणि सैल बाहेर पडायचे. केतकी रजा काढून आली होती, पण बापाचं बोलणं तिला समजायचं नाही, आणि दर खेपेला ती रडत बाहेर जायची. एका सकाळी शालन त्यांना चमच्यानं पेज भरवत होती, तेव्हा त्यांनी तिचा हात धरला आणि काहीतरी म्हणाले.

“काय?” शालननं विचारलं.

त्यांनी डोळे मिटून, एकेक अक्षर जुळवून परत सांगितलं, “तू… बघितलं… होतंस.”

शालनला ते पहिल्या वेळीच कळलं होतं. तिला ते नुसतं दुसऱ्यांदा ऐकायचं होतं. “हं,” ती म्हणाली आणि पुढचा चमचा भरला. पण चमचा वाटेतच कलंडला आणि पेज त्यांच्या छातीवर सांडली.

उन्हाळा संपता संपता हॉस्पिटलनं त्यांना परत देवराळ्याच्या केंद्राकडं सोपवलं. महिन्यातून एकदा मुखदर्शी. शालननं वाद घातला, डॉक्टर ऐनापुऱ्यांनी वर लिहिलं. उत्तर आलं की सुधारित प्रणाली लवकरच येत आहे, तोपर्यंत प्रचलित पद्धत चालू ठेवावी.

केंद्रात गर्दी होती. चंद्रहास उन्हाळ्यातसुद्धा मफलर गुंडाळून, तोंड झाकून बसले होते. ज्या माणसाकडं लोक चेहरा सुंदर करून घ्यायला यायचे, तो आता स्वतःचा चेहरा कुणाला दाखवत नव्हता. त्यांच्या आधी बाळू चौगुले म्हणून उसाचा ट्रॅक्टर चालवणारा एक धडधाकट माणूस होता. त्याचं झालं आणि तो सदऱ्याची गुंडी लावत उठला.

मग तबस्सुमनं दांडी चंद्रहासांच्या तोंडात घातली, फिरवली आणि काढली. चित्र तयार झालं. ती बघतच राहिली.

पडद्यावर अख्खा जबडा होता. उजव्या बाजूच्या दाढा ओळीनं, पांढऱ्या, एकही किडलेली नाही. हाड काढून टाकलेल्या जागी भरीव गुलाबी हिरडी. खाली हिरव्या अक्षरांत ‘समाधानकारक’.

“ह्या दाढा…” तबस्सुम म्हणाली आणि थांबली.

शालन दाराशी गेली. बाळू चौगुले चपला घालत होता. “दादा, तुम्हाला काय त्रास आहे?”

“तिखट सोसत नाही, मावशी. आणि तोंड जरा कमी उघडतंय. पण काही नाही, बरा आलाय रिपोर्ट.”

“कोल्हापूरला जावा. कुणाला तरी डोळ्यांनी बघू द्या.”

“उगं कशाला? चित्रच आलंय की स्वच्छ.” तो हसला. तसाच हसला जसे चंद्रहास एकेकाळी हसायचे. शालननं दाराला टेकून त्याच्याकडं बघितलं. गणपतीपासून संक्रांतीपर्यंत जे सगळं सांगून झालं होतं, ते ह्या माणसाला पहिल्यापासून कसं सांगायचं?

मागं खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. चंद्रहास उठले होते. त्यांनी बाळूच्या दंडाला धरून त्याला आत आणलं आणि पडद्यासमोर उभं केलं. मग त्यांनी मफलर सोडला.

उजवा गाल आत बसला होता. हनुवटी एका बाजूला ओढली गेली होती आणि कानापासून गळ्यापर्यंत शिवणीची लाल रेघ होती. चंद्रहासनी पडद्यावरच्या दाढांवर बोट ठेवलं. मग तेच बोट स्वतःच्या खोलगट गालावर ठेवलं. ते काहीतरी म्हणाले. ते कुणालाच कळलं नाही.

बाळू चौगुल्यानं पडद्याकडं बघितलं, मग त्यांच्या चेहऱ्याकडं, मग परत पडद्याकडं. त्याचा हात आपोआप स्वतःच्या गालावर गेला.

“सिस्टर,” तो हळू आवाजात म्हणाला, “मग मगाशी मला दाखवलं, ते कुणाचं तोंड होतं?”

तबस्सुमनं दांडी बाजूला ठेवली आणि बाळूसाठी खुर्ची ओढून खिडकीपाशी, उजेडात नेली.